पित्तनलिकेच्या मुखाशी

डोळे पिवळे झाले, लघवीला हळदीचा रंग आला आणि अन्नावरची वासना उडाली, की घरातील वडीलधारी माणसेही कावीळ झाली असे निदान करतात. त्याला वैद्य लागत नाही. ती कशाने झाली हे सांगणे मात्र फार कठीण, आणि रोग्याचे प्राण पुष्कळदा त्या उत्तरावरच अवलंबून असतात. चरकसंहितेतील पांडुरोगाच्या अध्यायात कामलेचे जे विवेचन आहे, त्यात एक मार्मिक निरीक्षण आढळते. रोग्याचा मल वाटलेल्या तिळांसारखा पांढुरका दिसू लागला, तर पित्ताचा मार्ग कफाने अडविला आहे असे जाणावे, असे तेथे सांगितले आहे. कफाची उपपत्ती बाजूला ठेवली, तरी मार्ग अडल्यामुळे पित्त आतड्यात उतरत नाही आणि म्हणून मलाचा रंग जातो, हा कार्यकारणभाव आजही जसाच्या तसा खरा आहे. तो मार्ग कोठे अडला आहे हे पाहावयाचे कसे, आणि पाहिल्यावर तो मोकळा करावयाचा कसा, हे प्रश्न मात्र त्यानंतर कित्येक शतके अनुत्तरित राहिले. त्यांचे उत्तर विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मिळाले, आणि तेही पोटावर सुरी न चालविता.

या मार्गाची रचना प्रथम ध्यानात घेतली पाहिजे. यकृतात दररोज अर्धा ते एक लिटर पित्त तयार होते. त्याचा काही अंश पित्ताशयात साठतो, आणि जेवणानंतर पित्तनलिकेतून तो लहान आतड्याच्या पहिल्या भागात, म्हणजे आद्यांत्रात, उतरतो. जठराच्या मागे आडवे पसरलेले स्वादुपिंड आपला पाचकरस दुसऱ्या नलिकेतून तेथेच आणून सोडते. बहुतेक माणसांत या दोन्ही नलिका शेवटी एकत्र येतात आणि आद्यांत्राच्या आतल्या भिंतीवरील एका लहानशा उंचवट्यावर उघडतात. दोन स्वतंत्र कारखान्यांचा माल एकाच अरुंद दारातून बाहेर पडावा, तशी ही व्यवस्था आहे. या दाराशी एखादा पित्तखडा येऊन अडकला, तर मागे पित्त तुंबते, कावीळ होते, तुंबलेल्या पित्तात जंतू माजतात. आणि स्वादुपिंडाचाही रस्ता अडला, तर त्या अवयवाचा भयंकर दाह उद्भवतो.

हे दार युरोपातील शरीरशास्त्रज्ञांना एकदम सापडले नाही. इटलीतील पादुआ येथे १६४२ साली योहान विर्सुंग या जर्मन शरीरशास्त्रज्ञाने फाशी गेलेल्या एका माणसाच्या शवात स्वादुपिंडाची नलिका पाहिली. तिचे कार्य काय हे त्याला उमगले नाही. त्याने तिचे चित्र ताम्रपटावर कोरविले आणि त्याचे ठसे निरनिराळ्या देशांतील विद्वानांकडे धाडून त्यांचे मत विचारले. त्याचे समाधान होण्याइतका अवधी मात्र त्याला लाभला नाही. पुढच्याच वर्षी कोणी त्याचा गोळी घालून खून केला. १७२० मध्ये विटेनबर्गच्या अब्राहाम फाटरने नलिकांच्या मुखाशी असलेल्या त्या उंचवट्याचे वर्णन केले, आणि त्याचे नाव त्या जागेला कायमचे चिकटले. १८८७ साली रुजेरो ओद्दी या तरुण इटालियन संशोधकाने त्या मुखाभोवतीच्या स्नायूचा अभ्यास प्रसिद्ध केला. बटव्याचे तोंड नाडीने आवळावे आणि सैल करावे, तसा हा स्नायू नलिकेचे तोंड मिटतो आणि उघडतो. दाराचा पत्ता असा लागला. पण जिवंत माणसाच्या शरीरात तेथवर पोचण्याची वाट अद्याप नव्हती.

एक वाट शल्यचिकित्सकांनी काढली. १५ जुलै १८८२ रोजी बर्लिनमध्ये कार्ल लांगेनबुख याने खड्यांनी भरलेले पित्ताशय प्रथमच यशस्वीपणे काढून टाकले. पुढे नलिकेत उतरलेले खडेही पोट उघडून काढण्यात येऊ लागले. परंतु ज्याला तीव्र कावीळ आहे, ताप आहे, ज्याचे रक्त गोठण्याची शक्ती क्षीण झाली आहे, अशा रोग्याला भूल देऊन त्याचे पोट उघडणे हे मोठेच साहस होते. शिवाय खडा आहे की कर्करोगाची गाठ आहे, हे पुष्कळदा पोट उघडल्यावरच कळे. १८९५ मध्ये क्ष-किरणांचा शोध लागला. पण बहुतेक पित्तखडे साध्या क्ष-किरणचित्रात दिसत नाहीत. १९२४ साली अमेरिकेत सेंट लुइस येथे ग्रॅहॅम आणि कोल यांनी यकृतामार्गे पित्तात उतरणारे एक द्रव्य वापरून पित्ताशयाचे चित्र घेतले. ही मोठीच प्रगती होती. तथापि कावीळ झालेले यकृत ते द्रव्य पित्तात उतरवीतच नाही, म्हणून ज्या रोग्यात चित्राची सर्वाधिक गरज, त्याच्याच बाबतीत ही युक्ती निकामी ठरे. १९३७ मध्ये हनोई येथील डॉक्टरांनी त्वचेतून थेट यकृतात सुई घालून नलिकेचे चित्र घेतले. परंतु त्यात रक्त आणि पित्त पोटात झिरपण्याचे भय होते.

दुसरी वाट तोंडातून जाते, आणि ती निसर्गानेच करून ठेविलेली आहे. तिच्यातून नजर आत नेण्याचे प्रयत्न जुने आहेत. फ्रँकफुर्टच्या फिलिप बोझिनीने १८०६ च्या सुमारास मेणबत्तीचा उजेड नळीतून शरीराच्या पोकळ्यांत सोडणारे एक उपकरण सिद्ध केले होते. व्हिएन्नाच्या वैद्यक विद्यापीठाने त्याला थारा दिला नाही. १८६८ साली फ्रायबुर्ग येथे आडोल्फ कुसमाउलने तलवार गिळण्याचे खेळ करणाऱ्या एका माणसाच्या जठरात सरळ, ताठ नळी उतरविली. नळी उतरली, पण उजेड अपुरा पडला. १९३२ मध्ये रुडॉल्फ शिंडलरने पुढचा भाग थोडासा वाकणारी दुर्बीण करविली आणि जठरदर्शनाला शास्त्राची प्रतिष्ठा आली. परंतु आद्यांत्र जठराच्या पलीकडे वळण घेऊन जाते. तेथे पोचावयाचे, तर प्रकाशालाच वळावयास शिकविणे भाग होते.

या ठिकाणी एका भारतीयाचे नाव येते. पंजाबातील मोगा येथे जन्मलेले नरिंदर सिंग कापानी हे शिक्षणानंतर लंडनच्या इंपीरियल कॉलेजात गेले. प्रकाश सरळ रेषेतच जातो, असे शाळेत शिकविले गेले होते आणि त्याबद्दल आपल्या मनात तेव्हापासूनच शंका होती, अशी आठवण ते पुढे सांगत असत. लंडनमध्ये हॅरॉल्ड हॉपकिन्स यांच्यासह त्यांनी केसासारख्या बारीक काचतंतूंची जुडी बांधून तिच्यातून चित्र पाठवून दाखविले. त्यांचा लेख २ जानेवारी १९५४ रोजी ‘नेचर’ या नियतकालिकात आला. काचतंतूत शिरलेला किरण तंतूच्या भिंतींवरून आतल्या आत परावर्तित होत पुढे सरकतो, आणि तंतू वाकला तरी वाट सोडीत नाही. त्याच अंकात हॉलंडच्या व्हान हील यांनी तंतूंना वेगळ्या द्रव्याचा लेप देण्याची कल्पना मांडली होती. कारण उघडे तंतू एकमेकांस चिकटले, की प्रकाश एकातून दुसऱ्यात झिरपतो.

दक्षिण आफ्रिकेत जन्मलेले डॉक्टर बेझिल हर्शोविट्झ यांनी हा लेख वाचला, लंडनला जाऊन हॉपकिन्स आणि कापानी यांची भेट घेतली आणि अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठात कामास प्रारंभ केला. पीटर्स हे पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक आणि कर्टिस हा अद्याप पदवीही न मिळविलेला विद्यार्थी, हे त्यांचे साहाय्यक होते. १९५६ च्या डिसेंबरात कर्टिसने एका प्रकारच्या काचेच्या कांडीवर दुसऱ्या काचेची नळी वितळवून बसविली आणि त्यातून तंतू ओढला. काचेलाच काचेचे आवरण मिळाले, आणि झिरपणारा प्रकाश थांबला. १९५७ च्या फेब्रुवारीत हर्शोविट्झ यांनी ते उपकरण प्रथम स्वतः गिळले, आणि मगच एका रोग्यासाठी वापरले. आज कापानींनी पाया घातलेल्या या विद्येवर जगाचे दूरध्वनी आणि संदेशवहन चालते. परंतु काचतंतूने पहिली मोठी सेवा केली ती पोटाच्या अंधारात, ही गोष्ट पुष्कळांना ठाऊक नसते. भारत सरकारने कापानींना २०२१ मध्ये मरणोत्तर पद्मविभूषण दिले.

नजर आद्यांत्रापर्यंत पोचली. आता प्रश्न उरला तो त्या चिमुकल्या दारातून आत शिरण्याचा. १९६८ साली वॉशिंग्टन येथील शल्यचिकित्सक विल्यम मॅक्यून आणि त्यांचे सहकारी यांनी दुर्बिणीला एक बारीक नळी जोडून ती फाटरच्या मुखात घातल्याचे प्रसिद्ध केले. नळीतून क्ष-किरणांना अपारदर्शक असे द्रव सोडले, की नलिका खालून वर भरत जातात आणि चित्रात झाडाच्या फांद्यांप्रमाणे उमटतात. खडा असेल तेथे पोकळी दिसते, गाठ असेल तेथे फांदी एकाएकी तुटलेली दिसते. यकृत काम करो वा न करो, चित्र मिळते. मॅक्यून यांना यश बेताचेच लाभले, कारण दार आद्यांत्राच्या बाजूच्या भिंतीवर असते आणि त्यांच्या साधनाला तेथे नेमकेपणाने नळी वळविणे फार अवघड जाई.

ही अडचण जपानने दूर केली. त्या देशात जठराचा कर्करोग मोठ्या प्रमाणावर आढळतो. म्हणून तेथे १९५० पासूनच जठरात उतरणारे कॅमेरे बनू लागले होते, आणि डॉक्टर व कारागीर एकमेकांच्या शेजारी बसून काम करावयास सरावले होते. ओई, ताकागी, ओगोशी आदी तज्ज्ञांनी १९६९-७० च्या सुमारास बाजूला पाहणारी, आणि टोकाशी नळी उचलून धरणारी लहानशी तरफ असलेली नवी दुर्बीण वापरून ही क्रिया भरवशाची केली. इंग्लंडचे पीटर कॉटन जपानी तज्ज्ञांकडून ती शिकले आणि १९७२ मध्ये त्यांनी तिचे वर्णन ज्या लांबलचक नावाने केले, त्याची आद्याक्षरे आज जगभर रूढ आहेत. भारतातील रुग्णालयांतही रोग्याचे नातेवाईक तिला ‘ई.आर.सी.पी.’ याच नावाने ओळखतात.

निदान झाले, पण खडा जागच्या जागीच होता. त्यासाठी रोग्याला पुन्हा शल्यचिकित्सकाच्या स्वाधीन करणे प्राप्त होते. १९७३ साली जर्मनीतील एरलांगेन येथे क्लासेन आणि डेमलिंग यांनी, आणि त्यांच्याशी कोणताही संबंध नसताना त्याच वर्षी जपानच्या क्योटो येथे कावाई यांनी, पुढचे पाऊल टाकले. दुर्बिणीतून एक बारीक तार त्या मुखात घालावयाची, आणि तीतून विजेचा प्रवाह सोडून ओद्दीचा स्नायू थोडासा छेदावयाचा. एरलांगेनची तार धनुष्याच्या प्रत्यंचेसारखी ताणलेली असे. छेद देता देताच ती रक्तवाहिन्यांची तोंडे भाजून बंद करी. दार रुंद झाले, की बारीक जाळीच्या टोपलीत पकडून किंवा फुग्याने ओढून खडा आतड्यात सोडता येई, आणि तो मलावाटे निघून जाई. दोन्ही शोध १९७४ मध्ये प्रसिद्ध झाले. जे पाहण्याचे साधन होते ते उपचाराचे साधन झाले.

ज्यांच्या नलिकेवर कर्करोगाची गाठ दाबून बसली आहे, त्यांच्यासाठी हॅम्बुर्गमधील निब सुहेंद्रा या मूळच्या इंडोनेशियन शल्यचिकित्सकाने १९७९-८० मध्ये दुर्बिणीतून प्लास्टिकची बारीक नळी आत बसवून दाखविली. तिला आज सर्वत्र स्टेंट म्हणतात. रोग बरा होत नाही. परंतु कावीळ उतरते, अंगाची असह्य खाज थांबते, अन्न गोड लागते. उरलेले दिवस माणसाला माणसासारखे घालविता येतात, हे लहान काम नव्हे. प्लास्टिकची नळी काही महिन्यांत तुंबते. म्हणून पुढे आपोआप फुलणाऱ्या धातूच्या जाळीच्या नळ्या प्रचारात आल्या.

ही विद्या शस्त्रक्रियेहून खरोखर हितकर आहे काय, याचा रोखठोक पडताळा हाँगकाँगमध्ये घेण्यात आला. नलिकेत खडे अडकून जंतुदोषाने अत्यवस्थ झालेल्या ८२ रोग्यांचे तेथे दैवगतीने, म्हणजे चिठ्ठ्या टाकाव्या तसे, दोन समान गट पाडण्यात आले. एका गटाचे तुंबलेले पित्त शस्त्रक्रियेने मोकळे केले, दुसऱ्याचे दुर्बिणीतून. १९९२ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाला तेव्हा शस्त्रक्रियेच्या गटात शेकडा ३२ आणि दुर्बिणीच्या गटात शेकडा १० रोगी दगावल्याचे दिसून आले. वाद मिटला.

भारतात या विद्येपुढे या देशाचे स्वतःचे प्रश्न आले. काश्मीरमध्ये आतड्यातील जंत त्याच दारातून पित्तनलिकेत शिरून उत्पात घडवितात. श्रीनगरच्या डॉ. खुरू आणि सहकाऱ्यांनी १९९० मध्ये अशा ५०० रोग्यांचा वृत्तान्त ‘लॅन्सेट’मध्ये दिला, त्या जंतांना दुर्बिणीतून चिमट्याने बाहेर ओढण्याचे कसब तेथे विकसित झाले. केरळात तरुण वयातच स्वादुपिंडात खडे होऊन पोटशूळ आणि मधुमेह जडणारा एक रोग आढळतो. डॉ. गीवर्गीस यांनी त्याचा चिकाटीने अभ्यास केला, आणि त्यांचा त्याविषयीचा ग्रंथ १९६८ मध्ये मुंबईच्या पॉप्युलर प्रकाशनाने छापला. या खड्यांना बाहेरून ध्वनिलहरींचे आघात देऊन त्यांचा चुरा करावयाचा आणि तो दुर्बिणीतून काढावयाचा, या पद्धतीने उपचार केलेल्या हजाराहून अधिक रोग्यांचा अनुभव हैदराबादच्या डॉ. नागेश्वर रेड्डी आणि सहकाऱ्यांनी २०१० मध्ये नोंदविला. मुंबईचे डॉ. अमित मायदेव यांनी २००७ मध्ये, मोठ्या आकाराच्या खड्यांसाठी प्रथम छेद देऊन मग फुग्याने दार रुंद करण्याच्या पद्धतीवरील आपले काम प्रसिद्ध केले. एकेकाळी वॉशिंग्टन, टोकियो आणि एरलांगेन येथून आलेली विद्या आता भारतातून बाहेर शिकविली जाते.

येथवरची कहाणी विजयाची आहे. परंतु या इतिहासाचे खरे मर्म तिच्या दुसऱ्या बाजूत आहे. स्वादुपिंड हा अत्यंत चिडखोर अवयव आहे. त्याच्या नलिकेच्या तोंडाशी नळी टोचली, द्रव आत रेटले, की क्वचित त्याचा दाह होतो. आणि तो दाह कधी कधी प्राणांवर बेततो. १९९६ साली अमेरिका आणि कॅनडातील १७ केंद्रांतून, छेद दिलेल्या २,३४७ रोग्यांचा हिशेब मांडण्यात आला. शेकडा ९.८ जणांना काही ना काही उपद्रव झाला होता, शेकडा ५.४ जणांना स्वादुपिंडाचा दाह, तर शेकडा २ जणांना रक्तस्राव. याहून अस्वस्थ करणारी गोष्ट पुढेच होती. ज्यांच्या नलिकेत खडा नाही, गाठ नाही, केवळ स्नायूच्या बिघाडाचा संशय आहे, अशांनाच धोका सर्वांत अधिक होता. ज्याला गरज कमी त्यालाच इजा जास्त, असा हा उलटा न्याय होता.

या हिशेबाने वैद्यकाला विचार करावयास लावले. केवळ पाहण्यासाठी माणसाला एवढ्या संकटात लोटावे काय? तोवर चुंबकीय अनुनादाच्या यंत्राने शरीराला स्पर्श न करता नलिकांचे चित्र मिळू लागले होते, आणि दुर्बिणीच्या टोकाशी बसविलेल्या श्राव्यातीत ध्वनीच्या यंत्राने आतड्यातूनच शेजारच्या नलिका आणि स्वादुपिंड न्याहाळता येऊ लागले होते. २००२ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने बोलाविलेल्या तज्ज्ञांच्या परिषदेने या क्रियेचा उपयोग मुख्यत्वे उपचारापुरताच असावा असा कौल दिला. ज्या चित्रासाठी मॅक्यून आणि ओई झटले, तेच काम या विद्येने तीन दशकांनंतर दुसऱ्याच्या हवाली केले. २०१२ मध्ये इंडोमेथासिन या जुन्या, स्वस्त औषधाची मात्रा गुदमार्गे दिल्यास अधिक धोक्याच्या रोग्यांत दाहाचे प्रमाण शेकडा १६.९ वरून ९.२ वर येते, असे ६०२ रोग्यांवरील चाचणीत दिसले. साधनही निर्दोष नव्हते. नळी उचलणारी ती लहानशी तरफ, जिच्यामुळे ही क्रिया शक्य झाली, तिच्या खाचेत जंतू दडून राहतात आणि एका रोग्यातून दुसऱ्यात जातात, हे २०१५ च्या सुमारास अमेरिकेत उघडकीस आले. तेव्हापासून स्वच्छतेचे नियम कडक झाले आणि टोकाचा भाग, प्रसंगी सारी दुर्बीणच, एकदा वापरून टाकून देण्याची पद्धत सुरू झाली.

सर्वांत बोलका प्रसंग २०१४ चा आहे. पित्ताशय काढल्यावरही ज्यांचे पोट दुखतच राहते आणि तपासणीत मात्र काही सापडत नाही, अशा असंख्य रोग्यांचा स्नायू कित्येक वर्षे छेदला जात होता. अशा २१४ रोग्यांवर चाचणी झाली. काहींचा स्नायू खरोखर छेदला, काहींचा छेदल्याचे केवळ नाटक केले. कोणाचे काय झाले हे रोग्याला सांगितले नाही. वर्षभराने पाहिले तेव्हा छेद दिलेल्यांपैकी शेकडा २३ जणांना, आणि न दिलेल्यांपैकी शेकडा ३७ जणांना उतार पडला होता. छेदाचा काहीच लाभ नव्हता. या चाचणीचे नेतृत्व पीटर कॉटन यांनी केले होते. तारुण्यात ही विद्या जपानहून आणून तिला नाव देणाऱ्या गृहस्थांनीच वार्धक्यात, ती कोठे वापरू नये, याचा पुरावा जगापुढे ठेविला.

वैद्यकाच्या इतिहासात नवे हत्यार शोधणाऱ्यांची नावे सोन्याच्या अक्षरांनी लिहिली जातात. हत्यार म्यानात ठेवावयास सांगणाऱ्यांची सहसा लिहिली जात नाहीत. खडा अडकून तापाने फणफणलेल्या रोग्याला ही क्रिया आजही काही मिनिटांत मृत्यूच्या दारातून परत आणते, आणि अशा वेळी तिला विलंब लावणे हा अपराध ठरेल. परंतु संशयापोटी, कुतूहलापोटी वा केवळ साधन हाताशी आहे म्हणून ती करणे, हाही तितकाच अपराध आहे. चरकाच्या काळी मार्ग अडला आहे एवढेच कळत होते. आता तो मोकळा करता येतो. तो केव्हा मोकळा करावा, आणि केव्हा त्याच्या वाटेस जाऊ नये, हा विवेक मात्र यंत्रात बसविता येत नाही. तो डॉक्टरांनी अंगी बाणवावा लागतो, आणि ही क्रिया खरोखर आवश्यक आहे काय, असा प्रश्न विचारण्याचा रोग्याचा अधिकार त्यांनी आदरपूर्वक मानावा लागतो.